तिथी, तारीख आणि अपील
(महाजन सभेपुढे झालेल्या व्याख्यानाचा मजकूर)



कोणत्याही जुन्या देवस्थानचे दप्तर उघडले, तर त्यात दोन प्रकारचे कागद हमखास आढळतात. एक उत्सवांची यादी : पालखी कोणत्या तिथीला, महारथ कोणत्या तिथीला, काला केव्हा, कोणाच्या नावे विडा, कोणाकडे समई. दुसरा कज्जेदलालीचा गठ्ठा : वकीलपत्रे, हुकूमनाम्यांच्या नकला, मुद्रांकाच्या पावत्या आणि पुढच्या तारखांची टिपणे. पहिला कागद तिथीने चालतो, दुसरा तारखेने. तिथी आली की कोणासाठी थांबत नाही आणि तारीख तर पुढे ढकलण्यासाठीच जन्माला आलेली असते. उत्सवाच्या परवानगीचा वाद अपिलात गेला म्हणजे या दोहोंची गाठ पडते आणि बहुधा तिथीची हार होते. असे अपील केव्हा मागे घ्यावे, कसे घ्यावे आणि मागे घेताना काय सांभाळावे, एवढाच आजच्या व्याख्यानाचा विषय आहे.

गोमंतकातील महाजन घराण्यांच्या कानांवर ‘परवानगी’ हा शब्द हलका पडत नाही, याला इतिहास कारण आहे. सोळाव्या शतकात तिसवाडी, साष्टी आणि बारदेश या भागांतील देवालये पाडली गेली. कुशस्थळीचा श्रीमंगेश प्रियोळला आला आणि अशीच अनेक दैवते रातोरात नदी ओलांडून, त्या काळी पोर्तुगीज अमलाबाहेर असलेल्या मुलखात विसावली. १५६० साली सुरू झालेले इन्क्विझिशन, १७७४ ते १७७८ हा खंड वगळता, १८१२ पर्यंत टिकले. १७३६ च्या त्याच्या फर्मानाने तर लग्नकार्यातील साध्या साध्या रूढींवरही बंदी घातली. ज्यांच्या पूर्वजांनी देव्हाऱ्यातला दिवासुद्धा झाकून लावला, त्यांचे वंशज उत्सवाचा हक्क प्राणपणाने जपतात यात नवल ते काय? तो बाणा स्तुत्यच आहे. परंतु त्या काळी समोर परकी सत्ता होती. आज बहुतेक अपिलांत प्रतिवादी म्हणून ज्याचे नाव असते, तो त्याच देवाचा कुळावी असतो, त्याच तीर्थाला हात पुढे करतो आणि कित्येकदा आडनावही तेच लावतो. शस्त्र तेच आणि समोर मात्र भाऊ, अशी ही स्थिती आहे.

गोव्यातील देवस्थानांचा कारभार आजही १९३३ च्या ‘रेगुलामेंतु दश माझानियश’ या कायद्याच्या चौकटीत चालतो. महाजनांचा समुदाय, त्याने निवडलेली समिती, समितीतील अध्यक्ष, मुखत्यार आणि खजिनदार, आणि या सर्वांवर देवस्थानांचे प्रशासक या नात्याने मामलेदार, अशी ही रचना महाजनांच्या परिचयाची आहे. उत्सवाच्या परवानगीचा तंटा या रचनेत अनेक दारांनी शिरतो. पालखीचा मार्ग कोणत्या वाड्यावरून जावा, प्रथम मान कोणत्या वांगडाचा, समितीची मुदत संपली असता उत्सव कोणी करावा, कुळावी नसलेल्या ग्रामस्थांनी सुरू केलेला सोहळा देवळाच्या प्रांगणात व्हावा की नाही, अशा प्रश्नांतून एक अर्ज होतो. त्यावर हुकूम होतो आणि त्या हुकुमावर अपील होते.

पुढे काय होते, ते पाहण्यासाठी कोणा एका देवस्थानचे नाव घेण्याचे कारण नाही. एक देवस्थान केवळ कल्पनेत उभे करावे. तेथील जत्रेची परवानगी एका पक्षाला मिळाली आणि दुसऱ्याने अपील केले. अपिलाची तारीख जत्रेनंतर तीन आठवड्यांची पडली. शांतताभंगाच्या भीतीने अधिकाऱ्यांनी पालखी बाहेर काढण्यास मनाई केली. पूजा-अभिषेक तेवढे आत करावेत, असे ठरले. मग जत्रेच्या रात्री देवळाच्या पायऱ्यांवर पोलीस बसलेले आहेत, दीपस्तंभ काळोखात आहे, चौघडा मुका आहे. कारवार, बेळगाव, मुंबई येथून वर्षातून एकदाच येणारी घराणी अग्रशाळेत बसून एकमेकांकडे पाहत आहेत. नवसाची ओटी घेऊन आलेली सासुरवाशीण दाराशी विचारते आहे की आत सोडतात का. फुलकार बाईने तीन दिवस आधी मागवलेली शेवंती टोपलीतच कोमेजत आहे. तीन आठवड्यांनी न्यायालयात दोन्ही वकील हजर होतात आणि अपील आणखी पुढे ढकलले जाते. या सर्व प्रकारात जिंकले कोण, हा प्रश्न त्या देवस्थानच्या महाजनांनी एकमेकांना विचारावयाचा आहे.

आता ‘मागे घेणे’ या शब्दाकडे वळावे. पुष्कळांना त्यात माघार ऐकू येते आणि माघारीत पराभव. जुन्या पोर्तुगीज दिवाणी प्रक्रियेत या बाबतीत मोठा सूक्ष्म भेद केलेला होता. ‘देसिश्तेंसिया दु पेदीदु’ म्हणजे मागणीचाच त्याग. त्यात ज्या हक्कासाठी भांडण, तो हक्कच सोडला जाई. ‘देसिश्तेंसिया दा इन्श्तांसिया’ म्हणजे केवळ त्या कज्जाचा त्याग. त्यात चालू भांडण थांबे आणि हक्क मात्र जागच्या जागी राही. गोव्यात १९६६ साली भारतीय दिवाणी प्रक्रिया संहिता लागू झाली आणि ते शब्द कचेऱ्यांतून गेले. भेद मात्र गेला नाही. संहितेच्या तेविसाव्या आदेशात तो वेगळ्या रूपाने नांदतो. न्यायालयाची मुभा न घेता दावा सोडला, तर त्याच कारणावरून पुन्हा दावा करता येत नाही. योग्य कारण दाखवून, मुभा घेऊन सोडला, तर करता येतो.

तथापि दावा आणि अपील यांत एक महत्त्वाचा फरक आहे आणि तेथेच अनेक समित्या घसरतात. दावा मागे घेतला की भांडण मुळातून उठते. नुसते अपील मागे घेतले, तर खालच्या न्यायालयाचा निर्णय जसाच्या तसा कायम होतो. अपिलाची मुदत सामान्यतः जिल्हा न्यायालयात तीस दिवसांची आणि उच्च न्यायालयात नव्वद दिवसांची असते. ती उलटून गेल्यावर मागे घेतलेले अपील पुन्हा उभे करणे दुरापास्त होते. शिवाय समोरच्या पक्षाने त्याच अपिलात स्वतःचे प्रत्याक्षेप दाखल केले असतील, तर मूळ अपील मागे घेतले तरी ते प्रत्याक्षेप चालू राहू शकतात, अशी एकेचाळिसाव्या आदेशातील तरतूद आहे. म्हणजे एका बाजूने तलवार म्यान केली तरी दुसऱ्याची उपसलेलीच राहते. म्हणून अपील एकट्याने, रागाने किंवा उदारतेच्या भरात मागे घेऊ नये. ते समोरच्याशी बोलून, दोघांनी मिळून आणि लेखी करून मागे घ्यावे.

महाजनांनी लक्षात ठेवावी अशी आणखी एक गोष्ट आहे. देवस्थानविषयक दावे पुष्कळदा प्रातिनिधिक स्वरूपाचे असतात. काही जण सर्वांच्या वतीने लढतात. अशा दाव्यात न्यायालयाच्या परवानगीविना केलेली तडजोड निरर्थक ठरते, असे १९७६ च्या दुरुस्तीने स्पष्ट केलेले आहे. सर्वांच्या वतीने केलेल्या मागणीचा भाग सोडावयाचा असेल, तर सर्व संबंधितांना नोटीस जावी लागते. चार पुढाऱ्यांनी हॉटेलात बसून केलेली दिलजमाई म्हणूनच कायद्याला मान्य नाही, आणि ती देवालाही मान्य नसावी. कारण देव चौघांचा नाही.

आता अपिलाचा शेवट गाठल्याने काय पदरात पडते, याचे दोन दाखले पाहावेत. पहिला दाखला गोमंतकातून स्थलांतर केलेल्या गौड सारस्वत समाजाच्या घरचाच आहे. दक्षिण कानड्यातील मुल्की येथील श्रीवेंकटरमण देवालयात हरिजनांसह सर्व हिंदूंना प्रवेश असावा की नाही, यावर १९४९ साली दावा झाला. उच्च न्यायालयाने सर्वसामान्यांचा प्रवेश मान्य केला आणि ठरावीक विधींच्या वेळेपुरता समाजाचा विशेष हक्कही राखला. त्यावर एका बाजूने विश्वस्त आणि दुसऱ्या बाजूने शासन असे दोघेही दिल्लीला गेले. १९५७ च्या नोव्हेंबरात सर्वोच्च न्यायालयाने दोघांनाही रिक्त हस्ते परत पाठवले आणि उच्च न्यायालयाचीच व्यवस्था कायम ठेवली. त्या निवाड्याने घटनेच्या पंचविसाव्या आणि सव्विसाव्या कलमांचा मेळ घातला, म्हणून देशाच्या कायद्याला त्याचा मोठा लाभ झाला. पक्षकारांच्या पदरात मात्र जे खाली होते तेच वर पडले.

दुसरा दाखला अन्य धर्मीयांचा आहे, पण त्यातील बोध सर्वांचा आहे. वाराणसीतील दोशीपुरा मोहल्ल्यात काही भूखंडांवर मोहरमचे विधी करण्याच्या हक्कावरून शिया आणि सुन्नी यांच्यात वाद होता. त्यातील पहिला महत्त्वाचा दावा १८७८ सालचा. शिया पक्षाने न्यायालयात हक्क सिद्ध केला. परंतु मोहरम आला की शांतताभंगाच्या भीतीने मनाईहुकूम निघत आणि हातात हुकूमनामा असूनही विधी होऊ नयेत, असे वर्षानुवर्षे घडले. १९८१ साली सर्वोच्च न्यायालयाने त्या पक्षाचा हक्क निःसंदिग्ध शब्दांत मान्य केला. ज्याचा हक्क सिद्ध आहे त्याला अधिकाऱ्यांनी संरक्षण द्यावे आणि मनाई हा शेवटचा उपाय समजावा, असे सांगितले. तरीही त्यानंतर तेथील कबरींचा प्रश्न पुन्हा न्यायासनापुढे आलाच. पहिल्या दाव्यापासून एक शतक उलटले होते आणि दावा लावणाऱ्यांचे पणतू त्याच गल्लीत राहत होते. शेजारी ज्याला मनाने मान्यता देत नाही, तो हुकूमनामा भिंतीवर टांगता येतो. त्याच्या बळावर मिरवणूक काढता येत नाही. तेव्हाच्या फौजदारी संहितेतील १४४ वे कलम १ जुलै २०२४ पासून नव्या नागरिक सुरक्षा संहितेत १६३ वे झाले आहे. कलमाचा आकडा बदलला आणि अधिकाऱ्याची चिंता तीच राहिली.

या दोहोंच्या उलट, तिथीचे महत्त्व ओळखून सर्वांनी आपापला हट्ट आवरला, तर किती थोड्या वेळात मार्ग निघतो, हे पुरीच्या २०२० च्या रथयात्रेने दाखवले. महासाथीचे दिवस होते. एका सामाजिक संस्थेच्या अर्जावरून १८ जूनला सर्वोच्च न्यायालयाने त्या वर्षीच्या रथयात्रेस स्थगिती दिली. यात्रा २३ जूनला होती. त्या दिवशी रथ न निघाल्यास परंपरेने पुढची बारा वर्षे निघू शकत नाही, असे न्यायालयापुढे मांडण्यात आले. आदेशात बदल व्हावा म्हणून अनेक अर्ज आले आणि अर्जदारांत एक मुसलमान तरुणही होता. २२ जूनला, यात्रेच्या आदल्या दिवशी, मूळचे नागपूरचे सरन्यायाधीश शरद बोबडे यांच्या अध्यक्षतेखालील तीन न्यायमूर्तींपुढे सुनावणी झाली. केंद्र आणि ओडिशा या दोन्ही शासनांनी मर्यादित यात्रेस अनुकूलता दर्शवली. अटी घातल्या गेल्या : एका रथामागे पाचशेहून अधिक माणसे नकोत, ओढणाऱ्या प्रत्येकाची तपासणी व्हावी, दोन रथांत तासाचे अंतर असावे, नगरात संचारबंदी असावी. दुसऱ्या दिवशी तिन्ही रथ निघाले. रस्त्याच्या दुतर्फा भक्त नव्हते. पण तिथी चुकली नाही. कोणाचीही संपूर्ण मागणी मान्य झाली नाही आणि देव मात्र मावशीच्या घरी गेला.

हे ऐकून कोणी म्हणेल, मग प्रत्येक अपील मागेच घ्यावे काय? तसे मुळीच नाही. काही प्रश्नांवर तडजोड करणे हाच अधर्म असतो. जातीमुळे कोणाला देवाच्या दारात अडवले जात असेल, तर तेथे देवघेव नको. घटनेचे सतरावे कलम आणि १९५५ चा नागरी हक्क संरक्षण कायदा तेथे बोलतो आणि महाजनांनीही तेच बोलावे. देवस्थानची जमीन, अलंकार किंवा निधी कोणी गिळंकृत करीत असेल, तर तेथेही अपील शेवटपर्यंत चालवणे हे समितीचे कर्तव्य आहे. परंतु एका वर्षाच्या उत्सवाची परवानगी, मिरवणुकीचा मार्ग, मानाचा क्रम, नारळ आधी कोणी ठेवावा हे प्रश्न या वर्गात बसत नाहीत. अशा अपिलातून पुष्कळदा काही निष्पन्नही होत नाही. ती तिथी उलटून गेली की परवानगीवरचे अपील निष्फळ ठरते आणि न्यायालय ते निकाली काढते. देवस्थानचे पैसे गेलेले असतात, उत्सव गेलेला असतो आणि मूळ प्रश्नाचे उत्तर मिळालेले नसते.

जेथे मागे घेणे उचित, तेथे ते रीतीने व्हावे. प्रथम महाजनांची सर्वसाधारण सभा बोलावून विषय कार्यक्रमपत्रिकेवर स्पष्ट शब्दांत घालावा आणि ठराव इतिवृत्तात लिहावा. समितीच्या मुखत्याराला अपील चालवण्याचा अधिकार दिला, म्हणजे ते सोडून देण्याचाही दिला, असे गृहीत धरू नये. दुसरे, समोरच्या पक्षाबरोबर यादी करावी : या वर्षीचा उत्सव कोण करील, खर्च कोणाचा, पावत्या कोणाच्या नावे, पोलिसांकडे आणि मामलेदारांकडे अर्ज कोणाच्या सहीने. तिसरे, ही व्यवस्था दोन्ही पक्षांच्या हक्कांस बाध न येता केली असून ती पुढील वर्षांसाठी दाखला ठरणार नाही, हे वाक्य यादीत अवश्य घालावे आणि अपील निकाली काढताना न्यायालयाने ते नोंदवावे, अशी विनंती वकिलांमार्फत करावी. चौथे, समोरच्याचे प्रत्याक्षेप किंवा उलट दावे असतील, तर तेही त्याच दिवशी, त्याच अर्जाने मागे घेतले जावेत. तडजोड लोकअदालतीत झाली, तर तिच्या निवाड्याला हुकूमनाम्याचे बळ असते, त्यावर अपील नसते आणि भरलेला न्यायालयीन मुद्रांकही परत मिळतो. तो पैसा समईच्या तेलाला लावता येईल.

कायद्याच्या या चार गोष्टी कोणताही चांगला वकील सांगेल. पाचवी गोष्ट वकिलाच्या कक्षेत येत नाही. पहिला शब्द कोणी टाकावा? दोन्ही पक्षांना मनातून भांडण मिटावे असे वाटत असते आणि दोघेही दुसऱ्याच्या निरोपाची वाट पाहत वर्षे काढतात. घरातील म्हातारा म्हणतो, वडिलांच्या हयातीत लावलेला दावा, तो मुलाने कसा सोडावा? पण वडिलांनी दावा लावला तो देवाचा उत्सव यथासांग व्हावा म्हणून. उत्सवच होईनासा झाला, तर दावा चालवण्याने वडिलांचा कोणता शब्द पाळला जातो? कित्येक घराण्यांत तर मुलांना भांडण कशावरून आहे हेही ठाऊक नसते. त्यांना एवढेच ठाऊक असते की त्या घरच्यांशी बोलायचे नाही आणि पालखीला खांदा द्यायचा नाही. उत्सवाला मुकलेली एक पिढी गेली की पुढच्या पिढीला कोणता सूर कोणत्या वळणावर वाजवावा हे सांगणारा वाजंत्रीही उरत नाही. न्यायालय हक्क परत देऊ शकते. विसरलेली चाल परत देऊ शकत नाही.

म्हणून ज्या देवस्थानांत असे अपील प्रलंबित असेल, तेथील महाजनांनी येत्या उत्सवापूर्वी एक साधे काम करावे. पंचांग आणि वकिलाची दैनंदिनी शेजारी शेजारी ठेवून तिथी कोणत्या दिवशी पडते आणि तारीख कोणत्या दिवशी, ते पाहावे. तारीख तिथीनंतर असेल, तर समोरच्या घरी जाण्यास अजून अवकाश आहे, असे समजावे. जाताना कागदपत्रे नेऊ नयेत, देवाच्या प्रसादाची दोन फुले न्यावीत. दार उघडणाराही त्याच दैवताचा कुळावी आहे. तो आधी पाण्याचा तांब्या पुढे करील आणि मग बोलणे सुरू होईल.

श्रींच्या कृपेने या मंडपात पुढील वर्षीही सर्व घराण्यांनी एकत्र बसून प्रसाद घ्यावा, एवढी प्रार्थना करून हे व्याख्यान येथे पुरे होत आहे.